बाराचा पहारा

या, असे पुढे सरका. मागे खांबाला टेकून बसलात तर अर्धंच ऐकू येईल, आणि ही गोष्ट अर्धी ऐकून उठण्यासारखी नाही. बुवा अजून फराळाला बसलेत, कीर्तनाला घटकाभर अवकाश आहे, तेवढ्यात सांगून होईल. माझ्या या दोन कानांनी ऐकलेली आहे. मीठमसाला घालायची गरज नाही.

चाळीस वर्षं झाली त्याला.

"बाराचा पहारा मी मागून घेतलाय," असं मी घरी सांगितलं तेव्हा तात्या, म्हणजे माझे वडील धोंडिबा, ओट्यावर बसून बैलाचं दावं वळत होते. त्यांचे हात थांबले.

"बाराचा नको," ते म्हणाले. "चारचा घे. नाहीतर पहाटंचा."

"यादीत तेवढी एकच जागा मोकळी होती. बाराला कोणी नाव देत नाही."

"मग तूच कशाला देतो? ऊन लागंल."

सुंदराआत्या दारात गहू निवडत होती. ही तात्यांची थोरली बहीण. ऐन तारुण्यात विधवा होऊन माहेरी आली, आणि मला लहानाचं मोठं तिनंच केलं. ती सुपातून मान वर न करता म्हणाली, "दोन लेकरांचा बाप झालाय तो, धोंडी. वैशाखात नांगर धरतो. अन् देवाच्या मंडपात त्याला ऊन लागंल व्हय?"

दाव्याला तात्यांनी असा पीळ दिला की ते उलटं फिरून त्यांच्याच मनगटाला गुंडाळलं.

आमच्या खडकवेढ्याला चैत्रात सप्ताह बसतो. सातव्या दिवशीच्या काल्यापर्यंत अहोरात्र नामाचा जप चालतो आणि जप करणाऱ्याच्या गळ्यात वीणा असते. दोन-दोन तासांचे पहारे. तुमचे दोन तास झाले की पुढचा येतो, तुमच्या पाया पडतो, तुम्ही त्याच्या पाया पडता, आणि वीणा तुमच्या गळ्यातून त्याच्या गळ्यात जाते. मधे ती भुईला टेकता कामा नये. मंडपाचा उंबरा ओलांडता कामा नये. टेकली किंवा ओलांडली की सप्ताह मोडला, आणि मोडला तर त्या वर्षी गावाचं धड नाही, असं आमचे लोक मानतात.

आणि या बाबतीत तात्यांचं नाव पंचक्रोशीत घेतलं जायचं. मी दोन वर्षांचा होतो तेव्हाची हकीकत. सप्ताहाचा पाचवा दिवस, भर दुपार, आणि खळवाडीतल्या गंज्या पेटल्या. सगळं गाव, बायामाणसांसकट, घागरी-बादल्या घेऊन तिकडे धावलं. मंडपात एकटे तात्या राहिले, गळ्यात वीणा. पुढच्या पहाऱ्याला कोणी आलंच नाही. दिवस मावळेपर्यंत त्यांनी वीणा खाली ठेवली नाही. आणि त्याच दुपारी माझी आई, त्यांना भाकरी द्यायला आलेली, देवळामागच्या बारवेवर पाणी आणायला गेली आणि पाय घसरून पाण्यात पडली. पडताना डोकं दगडावर आपटलं, जागच्या जागी प्राण गेला, हाकसुद्धा मारता आली नाही. मी वरच्या पायरीवर रडत बसलेला सापडलो. लोक सांगायचे, घरची लक्ष्मी गेली पण धोंडिबाची वीणा हलली नाही. त्यानंतर तात्यांनी वीणा गळ्यात घेतली ती एकदाच, पुढच्या वर्षी. मग कधीच नाही. लोक त्यालाही मोठेपणाच म्हणायचे.

मला बाराचा पहारा का हवा होता, तेही सांगतो. कीर्तनाचं मला पहिल्यापासून वेड. आठ कोसांवर कीर्तन असलं तरी मी पायी जायचो. आणि आमच्या वीणेला कान आहेत, असं जुनी माणसं सांगायची. तिचा भोपळा म्हणे देवळाच्या भिंतीवर चढलेल्या वेलाचा. कीर्तनं ऐकत ऐकतच तो वाढला, आणि ऐकलेलं काही विसरला नाही. भर बाराला, मंडपात चिटपाखरू नसताना, तारांवर हात ठेवून भोपळा कानाशी घट्ट धरला तर मागचं ऐकू येतं. मागचे बुवा, मागची कीर्तनं. तुम्हीच सांगा, माझ्यासारख्याला दुसरं काय हवं?

पहिल्या दिवशी बाराला मंडप ओस होता. जेवणावळ उठून माणसं झाडाखाली आडवी झाली होती. मी जप चालू ठेवला, आवाज खाली घेतला, तारा तळव्याने दाबल्या आणि कान लावला. आधी पाण्याच्या रांजणात ऐकू येतं तसं घुमलं. मग दूरवर झांज. मग एक आवाज, जाडसर, थोडा नाकातला, आणि असा गोड की काय सांगू. कोणी बुवा सुदाम्याचे पोहे सांगत होता. बोली जुनी होती, चाली आता कोणाला येत नाहीत अशा होत्या. माणसं हसत होती, बाया हुंदके देत होत्या, आणि त्यातलं एकही माणूस आज जिवंत नव्हतं.

दोनला केरूनाना आला. पुढचा पहारा त्याचा. तात्यांच्या वयाचा, त्यांचा बालमित्र, तोंडाचा फटकळ.

"काय रे रंगू, घाम डोळ्यांतनं गळायलाय का तुझा?"

"ऐकलं, नाना. खरंच ऐकू येतं."

"येत आसंल. मला तर बायकोचं बोलणं या कानानं धड येत न्हाई. आण हिकडं वीणा."

दुसऱ्या दिवशी बुवा नव्हता. एकटा पुजारी आरती म्हणत होता, टाळी वाजवायलाही कोणी नाही. साथीमुळे गाव उठून माळावर गेलं होतं, ते वर्ष असावं. त्याचा आवाज मधेच कापायचा. तिसऱ्या दिवशी एक खोकला ऐकू आला आणि मग, "धोंड्या, समई पुसली का?" त्यावर एक बारीक आवाज, "पुसली, बा." आजोबांना मी पाहिलेलं नव्हतं. पण तो बारीक आवाज कोणाचा ते कळून मला हसूच फुटलं.

संध्याकाळी जेवताना मी ते सांगितलं. "तात्या, लबाडी करत होता तुम्ही. समई पुसलेली नव्हती. त्यांनी नंतर पाहिलं आणि कान पिळला, तुम्ही ओरडला तेही ऐकलं मी."

आत्या हसली. तात्या हसले नाहीत.

"रोज पुढं सरकतं का ते?" त्यांनी विचारलं.

"सरकतं ना. परवा शंभर वर्षांमागचं असेल. आज तुमचं लहानपण."

"उद्यापास्नं केरूला सांगतो. तुझाबी पहारा तो करील."

"यादी बदलायची नाही हा नियम कोणाचा, तात्या? तुमचाच ना?"

ताटातली भाकरी अर्धी टाकून ते उठले. अन्न टाकणारा माणूस नव्हता तो. आत्याने त्यांच्या ताटाकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि ताट उचललं.

चौथ्या दिवशी सनई होती. लग्नाचं वऱ्हाड देवदर्शनाला आलेलं. बायांचा गलका, बांगड्या, कोणीतरी म्हणतंय, "नाव घेतल्याबिगर उंबरा वलांडू देऊ नका गं तिला." मग क्षणभर सगळं चिडीचूप. आणि एका पोरीचा आवाज, लाजरा पण खणखणीत:

"चैत्राच्या उन्हात गार पाण्याचा माठ, धोंडिबांचं नाव घेते, सोडा माझी वाट."

हशा पिकला. माझा जप तुटता तुटता राहिला.

मला आईचा आवाज माहीत नव्हता. तिची तसबीर नव्हती, लुगडं नव्हतं, कोणी तिच्याविषयी फारसं बोलत नव्हतं. तेहतीस वर्षांचा झालो तेव्हा मला पहिल्यांदा कळलं की माझी आई कशी बोलायची. हे माझं तुम्हाला समजेल की नाही, मला ठाऊक नाही. ज्यांची आई लहानपणी गेली त्यांना समजेल.

त्या दिवशी घरी मी फक्त आत्याला सांगितलं. तिने डोळ्यांना पदर लावला. "तेवढं एकदाच घेतलं नाव तिनं. पुन्यांदा कधी न्हाई. संक्रांतीला बाया आडवायच्या, तर पळून यायची." मग ती हळू आवाजात म्हणाली, "रंगू, ऐकलास ना आवाज? झालं मग. आता उद्या कान लावू नको."

"का?"

"लावू नको म्हणते म्हणून."

पण पाचव्या दिवशी मी घाईने गेलो. दहा मिनिटं आधीच. मला तिचा आवाज पुन्हा हवा होता, बस्स.

कान लावला तर आरडाओरडा. "गंज्या पेटल्या, गंज्या पेटल्या." पळणारी पावलं, भांड्यांचा खणखणाट, कुत्री. मग तो सगळा गोंधळ दूर गेला आणि मंडपात एकाच माणसाची पावलं राहिली. फरशीवर अनवाणी, येणारी-जाणारी. आणि जप. तात्यांचा आवाज, भरदार, तरुण. मग तीच ती बाई:

"भाकरी ठिवते हितं. समदी गेली वाटतं? पाणी न्हाई तुमच्या तांब्यात. थांबा, बारवंवरनं आणते. रंगू, चल रं बाळा."

लहान मुलाचं बोबडं काहीतरी. पैंजणाचा बारीक आवाज. तो मी होतो.

तेवढ्यात केरूनानाने खांद्यावर हात ठेवला. "दोन वाजले. पोरा, तुझं तोंड पांढरं पडलंय. सरबत पी."

मी बाहेर आलो आणि देवळामागे गेलो. बारव तिथेच होती, मंडपापासून तीसेक पावलांवर. दगडी पायऱ्या, खाली हिरवं पाणी. मी आयुष्यभर तिच्या कडेने गेलो होतो. त्या दिवशी मी वरच्या पायरीवर उभा राहून मंडपाकडे पाहिलं. तिथून केरूनानाचा जप स्पष्ट ऐकू येत होता. एकेक अक्षर.

घरी तात्या वाट पाहत उभे होते. "कुठवर आलं?" त्यांनी विचारलं.

"भाकरीपर्यंत."

ते माझ्यासमोर आले आणि त्यांनी हात जोडले. बापाने मला हात जोडले. "रंगनाथ, उद्या जाऊ नको. तुझ्या पाया पडतो."

मी त्यांचे हात खाली केले. ती कशी पडली, हे उद्या भोपळ्यात ऐकू येणार होतं. डोकं आपटल्याचा आवाज, आणि पुढे शांतता. ते ऐकायचं धाडस आपल्यात आहे का, एवढाच विचार मी करत होतो. त्यापलीकडे माझी बुद्धी गेली नाही.

सहाव्या दिवशी ऊन असं होतं की झळांमागे मंडपाबाहेरचं झाडसुद्धा हललेलं दिसत होतं. मी वीणा घेतली. कान लावला.

घागर बुडाली. पाय घसरल्याचा आवाज आला, आणि पाण्याचा. डोकं कुठे आपटलं नाही. ती पाण्यातून वर आली आणि ओरडली, "अहो."

मंडपात पावलं चालू होती. जप चालू होता.

"अहो, ऐकलं का? पडले मी. रंगूच्या बापा, हात द्या."

पावलं थांबली. जप थांबला नाही. पोर रडायला लागलं.

"शेवाळ हाय. हात निसटतोय. अहो."

पावलं पुन्हा सुरू झाली. आता भरभर. इकडून तिकडे, तिकडून इकडे. उंबऱ्यापर्यंत येऊन मागे. आणि मग तिने नाव घेतलं. लाज नाही, उखाणा नाही. "धोंडिबा." थोड्या वेळाने, आवाज फुटून, "धोंडी."

त्याबरोबर जप मोठा झाला. अजून मोठा. शेवटी तर तो जप नव्हता, माणूस घसा फाडून ओरडत होता, आणि त्या ओरडण्याखाली ती हाक बारीक होत होत, पाण्याच्या बुडबुड्यासारखी दोनदा वर आली आणि मग आली नाही. पोर मात्र रडतच राहिलं.

मी कान काढला नाही. दोन वाजेपर्यंत मी ते रडणं ऐकलं.

घरी आत्या सूप मांडीवर घेऊन बसली होती, पण गहू निवडत नव्हती. तात्या भिंतीशी.

"ऐकलंस," ते म्हणाले.

"ऐकलं."

मग मीच म्हणालो, "गळ्यात वीणा घेऊन गेला असतात."

"उंबरा वलांडायचा नव्हता."

"खाली ठेवली असती."

"सप्ताह मोडला असता. गंज्या पेटल्याच हुत्या. मला वाटलं, आधीच कोप झालाय, आता माझ्यामुळं गाव बुडंल." ते जमिनीकडे पाहत बोलत होते. "आधी वाटलं, आत्ता कोणी येईल. मग वाटलं, ज्याची वीणा हाय तो बघंल. मग तिनं माझं नाव घेतलं. तवा कळलं, आता ती ऱ्हात न्हाई. नायतर तिनं घेतलं नसतं."

"आणि जप? तो मोठा का केला?"

"मला ऐकू येऊ नये म्हणून." त्यांनी पहिल्यांदा माझ्याकडे पाहिलं. "लोकांनी त्याला निष्ठा म्हटलं. मी गप बसलो. पुढच्या सालाला बाराचाच पहारा आला, अन् वीणेनं समदं ऐकवलं. तवापास्नं तिला शिवलो न्हाई."

आत्या बोलली ती अगदी शांतपणे, जणू भाजीत मीठ किती ते सांगावं. "मी न्हाऊ घातली तिला. दहाही नखांत शेवाळ हुतं, धोंडी. पडल्या पडल्या मेलेल्या बाईच्या नखांत शेवाळ येत न्हाई. जागच्या जागी गेली, हे मीच सांगितलं गावाला."

तात्यांनी मान वर केली. "तुला ठावं हुतं?"

"एकतीस वरसं झाली. तुला भाकरी वाढताना रोज ठावं आसतं."

मी फक्त एवढंच म्हणालो, "उद्या काल्याच्या कीर्तनात विश्वंभरबुवा तुमची गोष्ट दृष्टांत म्हणून सांगणार आहेत. त्यांनी मला तपशील विचारले. पंच तुम्हाला फेटा बांधणार. तो फेटा तुम्ही बांधून घेतला, तर मी तुमच्याशी पुन्हा बोलू शकणार नाही, तात्या. रागाने नाही. जमणारच नाही."

ते उठले, दारात जाऊन उभे राहिले. तिकडे तोंड करूनच म्हणाले, "केरूला सांग, काल्याची वीणा मी घेतो."

गावात आनंदीआनंद झाला. तीस वर्षांनी धोंडिबा वीणा घेणार. मला मात्र धसका बसला होता, कशाचा ते सांगता येत नव्हतं.

सातव्या दिवशी सकाळी दहाला काला सुरू झाला. मंडप भरून बाहेरपर्यंत माणसं. तात्या धुतलेलं धोतर नेसून बुवांच्या मागे उभे, गळ्यात वीणा. मी टाळकऱ्यांच्या रांगेत, त्यांच्यापासून हाताच्या अंतरावर. विश्वंभरबुवांचं कीर्तन म्हणजे काय सांगावं. गवळणी झाल्या, खोड्या झाल्या, हसून हसून लोकांची पोटं दुखली. बाराच्या सुमाराला त्यांनी आवाज खाली आणला.

"मंडळी, निष्ठा पुराणात शोधू नका. ती तुमच्या गावात, माझ्या पाठीशी उभी आहे. एकीकडे अग्नी, एकीकडे अर्धांगी पाण्यात जाते आहे, याला ठाऊकही नाही, आणि हा..."

"ठावं हुतं," तात्या म्हणाले.

बुवांना वाटलं, भरून आलं असेल. त्यांनी मागे वळून नमस्कार केला आणि पुढे सुरू करणार, तोच तात्यांनी गळ्यातला पट्टा काढला. ते वाकले आणि वीणा फरशीवर ठेवली. आरती व्हायची होती. हंडी फुटायची होती.

पखवाज बंद पडला. चारशे माणसं आणि एक श्वास नाही. आणि त्या शांततेत भुईला टेकलेला भोपळा बोलायला लागला. कान लावायची गरज नव्हती. पार शेवटच्या माणसाला ऐकू गेलं. घागर, पाणी, "अहो." बायांच्या बाजूला कोणीतरी किंचाळून तोंड दाबलं. "रंगूच्या बापा, हात द्या."

"रंगू, वीणा उचल," केरूनाना घोगऱ्या आवाजात म्हणाला. "चटकन उचल, पोरा. अजून मोडला न्हाई म्हणता येईल."

वीणा माझ्या पायाशी होती. उचलली असती तर ती गप्प झाली असती, हे मला पक्कं ठाऊक होतं. सप्ताह वाचला असता, गाव वाचलं असतं, तात्यांचं नावसुद्धा वाचलं असतं. लोक म्हणाले असते, म्हाताऱ्याला चक्कर आली. मी वाकलो. माझी बोटं दांडीला लागली. लाकूड थंडगार होतं, ओलं असल्यासारखं.

"धोंडी," ती म्हणाली.

"आलो," तात्या म्हणाले, आणि उंबरा ओलांडून उन्हात गेले.

मी वीणा सोडली आणि त्यांच्यामागे निघालो. माणसं आपोआप बाजूला झाली. कोणी हात लावला नाही आम्हाला. मागून तिची हाक येत होती, आणि त्यामागून त्यांचाच तरुण जप, मोठा होत जाणारा, आणि पुढे हा साठी उलटलेला माणूस तीस पावलं चालत होता, "आलो गं, आलो" म्हणत. मला वाटलं होतं हे अंतर फार आहे. ते फार नव्हतं. एक दम पुरतो.

पायऱ्या ते बसत बसत उतरले. शेवटच्या पायरीवर शेवाळ होतं. मी त्यांचा दंड धरला, कारण ते थांबतील की नाही याची मला खात्री नव्हती. त्यांनी हात पाण्यात घातला, कोपरापर्यंत, बोटं पसरून.

"सगुणा," ते म्हणाले.

आमच्याकडे नवराही बायकोचं नाव घेत नसे. माझ्या आईचं नाव त्यांच्या तोंडून मी तेवढंच ऐकलं. वर मंडपातली हाक थांबली. बुडबुड्यासारखी बारीक होऊन नाही. वाक्य पुरं झाल्यावर माणूस थांबतं तशी. मग फक्त एका पोराचं रडणं राहिलं, आणि थोड्या वेळाने तेही हळू झालं.

आम्ही दोघं किती वेळ तिथे होतो ते आठवत नाही. वरून कोणी खाली डोकावलं नाही. शेवटी सुंदराआत्या काठावर आली आणि म्हणाली, "हात बाहेर काढ धोंडी. वर या दोघंबी. घरी चला."

सप्ताह मोडला. त्या साली पाऊस ओढला आणि गावाने ते तात्यांच्या माथी मारलं. आमच्या घरचं पाणी कोणी घेईना, लग्नाच्या अक्षता येईनात. केरूनाना तेवढा यायचा, पण दिवसाउजेडी नाही. तात्या त्यानंतर तीन वर्षं जगले. रोज दुपारी बारवेच्या पायऱ्या खरवडायला जायचे, शेवाळ धरू नये म्हणून. मी त्यांच्याशी बोललो. बोलायला जमलं. गावाने नवी वीणा आणली, सप्ताह पुन्हा बसू लागला. जुनी वीणा आता माझ्या घरी आहे; तिच्यात काही ऐकू येत नाही. मी कीर्तन सोडलं नाही. सोडेन कसं? माझी आई मला कीर्तनाच्या मंडपातच भेटली.

आता बुवा उठतील. तेवढं एकच मागतो. खडकवेढ्याच्या बाजूला कधी गेलात तर धोंडिबा वीणेकऱ्याची गोष्ट कोणी ना कोणी तुम्हाला सांगेल. कोणी निष्ठेची म्हणून सांगेल, कोणी सप्ताह मोडल्याची म्हणून. दोन्ही ऐकून घ्या, वाद घालू नका. त्या गोष्टीत एक बाई असते, पाण्यात पडते आणि मरते, आणि सांगणारा तिचं नाव सांगत नाही. तिचं नाव सगुणा होतं. तेवढं ध्यानात ठेवा.